खाल्लं मीठ आणि मनाचा कौल

साताऱ्याजवळच्या अपशिंगेला सगळे ‘अपशिंगे मिलिटरी’ म्हणतात. पहिल्या महायुद्धात या एकट्या गावचे ४६ जवान कामी आले; त्यांच्या स्मरणार्थ इंग्रजांनी गावात स्तंभ उभारला. तेव्हा फौजेत जायचं म्हणजे पगार, पेन्शन आणि दिलेला शब्द. खाल्ल्या मिठाला जागायचं, हा तो शब्द. मीठ परक्या राजाचं, पण शपथ स्वतःची. पेच तिथेच होता.

२३ एप्रिल १९३० रोजी पेशावरात तो चव्हाट्यावर आला. हवालदार मेजर चंद्रसिंग गढवाली आणि त्यांच्या साथीदारांनी निःशस्त्र जमावावर गोळी झाडायला नकार दिला. चंद्रसिंगांना जन्मठेप झाली. गांधीजींनी मात्र त्यांची पाठराखण केली नाही. हुकूम मोडायला मी आज शिकवलं, तर उद्या आपल्या राज्यातही शिपाई तेच करतील, असं त्यांचं म्हणणं. हे मला आजही पटवून घेता येत नाही. समोर रिकाम्या हातांची माणसं उभी असताना शिपायाने उद्याच्या राज्याचा हिशेब कसा करायचा?

साताऱ्यात हा प्रश्न दारात येऊन उभा राहिला. १९४१ साली मराठा पलटणी इरिट्रियात केरेनला लढत होत्या. पुढच्याच वर्षी, ९ सप्टेंबरला, वडूजच्या कचेरीवर निघालेल्या मोर्चावर पोलिसांनी गोळ्या झाडल्या आणि परशुराम घार्गे पडले. १९४३ पासून क्रांतिसिंह नाना पाटलांचं पत्री सरकार उभं राहिलं. आजच्या सांगली जिल्ह्याचा बराचसा भागही तेव्हा साताऱ्यातच होता. ज्या भागात आया पलटणीतल्या पोराच्या मनिऑर्डरीची वाट बघत होत्या, त्याच भागातून रात्री भूमिगतांना भाकऱ्या जात होत्या.

१९४५ च्या अखेरीस लाल किल्ल्यात आझाद हिंद सेनेच्या शहानवाझ, सेहगल आणि धिल्लाँ यांच्यावर खटला चालला. गुलाम देशाच्या शिपायाने राजाची शपथ मोडली तर तो गद्दार ठरतो का, हा त्यातला खरा वाद; भुलाभाई देसाईंनी बचाव मांडला. त्याच सुमारास जर्मनीत न्यूरेंबर्गला, नाझी पुढाऱ्यांवरच्या खटल्यात, ‘वरिष्ठांचा हुकूम होता’ ही सबब पुरेशी नाही, असं ठरत होतं.

स्वतंत्र भारताच्या १९५० च्या सेना कायद्यात, कलम ४१ मध्ये, शिक्षा आहे ती वरिष्ठाचा ‘कायदेशीर’ हुकूम मोडल्याची. तो कायदेशीर होता की नाही, हे कोर्ट पुढे सावकाश ठरवतं. बंदूक हातात असलेल्या जवानाला मात्र तिथल्या तिथे ठरवावं लागतं.