विसरगावचा पत्ता

ऐरोलीला बहिणीच्या घराच्या गॅलरीतून पारसिकचा डोंगर दिसतो. माझ्या सहा वर्षांच्या भाचीला तिच्या आजीने, म्हणजे माझ्या आईने, सांगून ठेवलंय की त्या डोंगरापलीकडे विसरगाव आहे. माणसं जे जे विसरतात ते ते रात्री चालत तिथे राहायला जातं. पाठ केलेल्या कविता, शेजाऱ्यांची नावं, बाळपणीचे वाढदिवस, सगळ्यांना तिथे एकेक खोली मिळते. परवा भाचीने विचारलं, "मामा, आपण तिथे गेलो तर माझा पहिला वाढदिवस मला परत दिसेल का, असं मी आजीला विचारलं, तर ती म्हणाली मामाला विचार."

या प्रश्नावर गेल्या काही वर्षांत इतकं सुंदर काम झालंय की मला लिहिल्याशिवाय राहवत नाही.

विसरण्याबद्दल आपल्याकडे दोन समजुती सर्रास ऐकू येतात. एक म्हणजे, मेंदू सीसीटीव्हीसारखं सगळं टिपून ठेवतो, फक्त फुटेज शोधता आलं पाहिजे. दुसरी, विसरलं म्हणजे पाटीवरून पुसलं गेलं. दोन्ही चूक आहेत. पण नेमकी कुठे चूक, हे मला पुस्तकाआधी आईकडून समजलं.

आईने ठाण्याच्या नौपाड्यात घंटाळीजवळच्या चाळीत पंचवीस वर्षं काढली. चाळ पाडून तिथे टॉवर उभा राहिला. मागे एकदा मी तिला चाळीतल्या बिऱ्हाडांची नावं विचारली, तर चारांपुढे गाडी जाईना. ती स्वतःवरच चिडली. मग एका संध्याकाळी आम्ही घंटाळी देवीच्या देवळात गेलो होतो. बाहेर आल्यावर ती त्या टॉवरच्या फाटकापाशी थांबली, पूर्वी नळ होता त्या बाजूला तोंड केलं आणि जिन्यापासून सुरुवात करून एकामागोमाग एक नऊ बिऱ्हाडं सांगितली. कोणाचा मुलगा रेल्वेत होता, कोणाकडे पहिला टीव्ही आला, हेसुद्धा. नावं कुठे गेलीच नव्हती. तिथे पोचायची वाट सापडत नव्हती.

मानसशास्त्रज्ञ एन्डेल टल्व्हिंग आणि झीना पर्लस्टोन यांनी 1966 मध्ये हाच भेद प्रयोगाने दाखवला. विद्यार्थ्यांना शब्दांच्या याद्या दिल्या, सगळ्यांत लांब यादी 48 शब्दांची. आठवायला सांगितलं तेव्हा बरेच शब्द निसटले. पण ज्यांना 'पक्षी', 'हत्यारं' असे गट सुचवले, त्यांना कितीतरी जास्त शब्द आठवले. शब्द साठवलेले असणं वेगळं आणि हाताशी येणं वेगळं.

पण हे झालं बाहेरून पाहिलेलं. मेंदूच्या आत ती न सापडणारी आठवण खरोखर बसलेली असते का? आठवणीच्या मेंदूतल्या खुणेला जर्मन शास्त्रज्ञ रिचर्ड झेमोन यांनी 1904 मध्येच 'एन्ग्राम' असं नाव देऊन ठेवलं होतं. ती खूण प्रत्यक्ष हाताळता यायला मात्र शतक उलटावं लागलं, आणि ती हाताळून दिली एका शैवालाने.

आपलं ठाणं तलावांचं शहर. तलावाच्या हिरव्या पाण्याला आपण नाक मुरडतो. पण गोड्या पाण्यात आणि ओल्या मातीत क्लॅमिडोमोनास नावाचं एकपेशीय हिरवं शैवाल राहतं. त्याला दोन शेपट्या असतात आणि प्रकाश जाणवणारा एक ठिपका. या ठिपक्यापाशी चॅनलऱ्होडॉप्सिन हे प्रथिन असतं. पेशीच्या आवरणात बसवलेलं दारच म्हणा. दाराच्या आत रेटिनलचा रेणू असतो, अ जीवनसत्त्वापासून बनणारा, आपल्या डोळ्यातही असतो तोच. त्यावर निळा प्रकाश पडला की हा रेणू वाकतो, दार उघडतं आणि धनभारित आयन, म्हणजे विद्युतभार असलेले कण, आत शिरतात. शैवालाला त्यामुळे उजेडाची दिशा कळते. हेच प्रथिन चेतापेशीत बसवलं तर? धनभार आत आला की चेतापेशी संदेश सोडते. म्हणजे निळा दिवा लावला की पेशी चालू! 2005 मध्ये हे जमलं. एवढ्याशा शैवालाचं दार मेंदूत चालतं, हे मी पहिल्यांदा वाचलं त्या रात्री मला झोप लागली नव्हती.

आता फक्त एका विशिष्ट आठवणीच्या पेशींतच हे दार बसवायचं. पेशी जोरात कामाला लागली की तिच्यात सी-फॉस नावाचं जनुक जागं होतं. शास्त्रज्ञांनी चॅनलऱ्होडॉप्सिनचं जनुक या सी-फॉसच्या स्विचला जोडलं. शिवाय वर एक कुलूप ठेवलं: उंदराच्या खाण्यात डॉक्सिसायक्लिन हे औषध असेतोवर स्विच बंद. औषध थांबवलं, उंदराला एका पेटीत ठेवलं, पायाला विजेचा हलका झटका दिला. त्या वेळी हिप्पोकॅम्पस या मेंदूतल्या आठवणी घडवणाऱ्या भागाच्या डेंटेट गायरस या तुकड्यातल्या ज्या थोड्या पेशी कामाला लागल्या, तेवढ्यांतच दार बसलं. नंतर उंदीर वेगळ्याच, निर्धोक पेटीत असताना निळा प्रकाश सोडला, तर तो भीतीने जागच्या जागी थिजला. सुसुमु टोनेगावा यांच्या अमेरिकेतल्या एमआयटी या संस्थेतल्या प्रयोगशाळेचं हे 2012 मधलं काम.

2015 मध्ये याच प्रयोगशाळेत टोमास रायन आणि सहकाऱ्यांनी विसरगावचं दारच ठोठावलं. आठवण पक्की व्हायला पेशींना नवी प्रथिनं बनवावी लागतात. त्यांनी झटक्यानंतर लगेच अॅनिसोमायसिन हे औषध देऊन ते काम अडवलं. दुसऱ्या दिवशी उंदीर त्याच पेटीत बऱ्यापैकी निवांत फिरले, म्हणजे विसरले. तपासून पाहिलं तर एन्ग्राम पेशींचे, म्हणजे त्या आठवणीच्या पेशींचे, चेतासंधी (दोन चेतापेशी जिथे जोडल्या जातात त्या जागा) नेहमीसारखे बळकट झालेले नव्हते. मग निळा दिवा लावला, आणि 'विसरलेले' उंदीर न विसरलेल्या उंदरांइतकेच थिजले. चेतासंधी कच्चे राहिले होते, पण कोणती पेशी कोणाशी जोडलेली आहे ही वीण शाबूत होती. पेटीच्या दृश्यावरून त्या पेशींपर्यंत पोचता येत नव्हतं, एवढंच.

म्हणून सगळंच आत जपलेलं असतं असं समजू नका. वीणही उसवते, पेशीही मरतात, आणि दर वेळी आठवताना आठवण थोडी नव्याने शिवली जाते. संमोहनाने 'गेल्या जन्मीच्या आठवणी' बाहेर काढून देणारे वर्ग आपल्याकडे चालतात, तिथे हे नक्की आठवा. मानसशास्त्रज्ञ एलिझाबेथ लॉफ्टस यांनी 1995 मध्ये 24 जणांना 'लहानपणी तू मॉलमध्ये हरवला होतास' अशी न घडलेली हकिगत घरच्यांच्या नावाने सांगितली. सुमारे पाव जणांना ती पूर्ण किंवा अर्धवट 'आठवली'. संमोहनात आग्रहाने विचारत गेलं की जन्मच्या जन्म तयार होतात, आणि सांगणारा माणूस तेव्हा खोटं बोलत नसतो. म्हणूनच हा धंदा मला जास्त घातक वाटतो.

राहिला भाचीचा वाढदिवस. पहिल्या दोन-तीन वर्षांतलं आपल्याला काही आठवत नाही. टोरांटोच्या शीना जोसलिन आणि पॉल फ्रँकलंड यांच्या गटाने 2014 मध्ये उंदरांवर दाखवलं की त्या वयात हिप्पोकॅम्पसमध्ये नव्या चेतापेशींची भराभर भर पडते आणि त्या गर्दीत जुन्या जोडण्यांची वाट मोडते. 2018 मध्ये त्यांनी पिल्लांच्या एन्ग्राम पेशी खुणेने राखून ठेवल्या आणि पिल्लं मोठी झाल्यावर त्यांवर निळा प्रकाश टाकला. तीन महिन्यांनंतरही हरवलेली आठवण उमटली.

भाचीला मी एवढंच सांगितलं की विसरगाव डोंगरापलीकडे नाही, तिच्या दोन्ही कानांच्या थोडं आत, हिप्पोकॅम्पसमध्ये आहे. तिच्या वाढदिवसाची खोली तिथे अजून उभी असेलही, पण उंदरात बसवतात ती दारं माणसांच्या आठवणींसाठी कोणी बसवत नाही. ती जरा हिरमुसली. मग तिने वहीत आजीच्या चाळीचा नकाशा काढायला घेतला. नऊ खोल्यांवर नावं लिहून झाली आहेत. वरच्या मजल्यावरच्या दोन खोल्या रिकाम्या आहेत, त्यासाठी येत्या रविवारी आम्ही आईला पुन्हा घंटाळीला नेणार आहोत, या वेळी मागच्या गल्लीच्या बाजूने.