इझी लिसनिंग यादीतील अव्वल गाणी, १९६१ (अमेरिका)

अमेरिकेतील ‘बिलबोर्ड’ या संगीत-व्यवसायाच्या साप्ताहिकाने १७ जुलै १९६१ च्या अंकापासून ‘इझी लिसनिंग’ नावाची वीस गाण्यांची यादी छापायला सुरुवात केली. आज ‘अडल्ट कंटेम्पररी’ म्हणून ओळखली जाते ती क्रमवारी हीच. सुरुवात वर्षाच्या मध्यावर झाल्यामुळे पहिले वर्ष २४ अंकांचेच भरते. त्यात सात गाणी अव्वल ठरली.

यादीमागे रेडिओ केंद्रांची गरज होती. प्रौढ श्रोता सांभाळणाऱ्या अनेक केंद्रांना चालू लोकप्रिय गाणी हवी होती, पण ‘रॉक अँड रोलचे केंद्र’ हा शिक्का नको होता. बिलबोर्डने त्यासाठी वेगळी मोजणी उभी केली नाही. विक्री आणि प्रक्षेपण या दोहोंवर बेतलेली ‘हॉट १००’ ही सर्वसाधारण यादी १९५८ पासून निघत होतीच. तीच घ्यायची, रॉक अँड रोल वाटणारी गाणी गाळायची आणि उरलेल्यांना वरून पुन्हा क्रमांक द्यायचे, अशी ही रीत. त्यामुळे १९६१ मधल्या अव्वल स्थानाचा अर्थ नेमका एवढाच: हॉट १०० वर सगळ्यांत वर असलेले, चाळणीतून न गळलेले गाणे.

बॉब मूर यांच्या वाद्यवृंदाची ‘मेक्सिको’ ही तबकडी हॉट १०० वर सातव्या क्रमांकापलीकडे कधीच गेली नाही, तरी ऑक्टोबरात एक आठवडा ती इथे पहिली होती. म्हणजे त्या आठवड्यात तिच्या वरची किमान सहा गाणी गाळली गेली होती. मूर हे नॅशव्हिलचे बासवादक आणि मॉन्युमेंट या तबकडी-कंपनीत गायक रॉय ऑर्बिसन यांच्या ध्वनिमुद्रणांचे वाद्यवृंद-प्रमुख. ऑर्बिसन यांचे ‘क्राइंग’ त्याच सुमारास हॉट १०० वर दुसरे आले, पण इझी लिसनिंगच्या शिखरावर कधी पोहोचले नाही. संथ, तारवाद्यांनी भरलेले गाणे बाहेर आणि त्याच गोटातले तुताऱ्यांचे वाद्यसंगीत अव्वल! गाळणी कानावर कमी आणि गायकाच्या ओळखीवर जास्त चालत असावी, असे मानायला इथे जागा आहे.

पहिला मान ब्रुक बेंटन यांच्या ‘द बोल वीव्हिल साँग’चा, तीन आठवडे. हॉट १०० वर ते दुसरे होते आणि वर बॉबी लुईस यांचे ‘टॉसिन अँड टर्निन’ सात आठवडे ठाण मांडून बसले होते. बेंटन यांचे गाणे बरेचसे बोलून म्हटलेले आहे: कापूस पिकवणारा शेतकरी आणि त्याच्या शेतात घर मागणारा किडा यांचा संवाद, मूळ लोकगीतातून घेतलेला. विदर्भातल्या वाचकाने इथे बोंडअळी समजू नये. ती पतंगाची अळी. गाण्यातला किडा हा लांब सोंडेचा भुंगेरा असून १८९२ च्या सुमारास मेक्सिकोतून टेक्सासमध्ये शिरला आणि त्याने अमेरिकेच्या दक्षिणेतला कापूस उद्ध्वस्त केला.

त्यानंतर कॉनी फ्रान्सिस यांचे ‘टुगेदर’ एक आठवडा (मूळ गाणे १९२८ चे). मग जो डॉवेल यांचे ‘वुडन हार्ट’, तीन आठवडे. जर्मन लोकधुनेवरचे हे गाणे एल्व्हिस प्रेस्ली यांनी १९६० च्या एका चित्रपटात म्हटले होते. ब्रिटनमध्ये त्यांची तबकडी पहिली आली, पण अमेरिकेत ती तेव्हा एकट्या गाण्याची स्वतंत्र तबकडी म्हणून निघाली नाही. ही फट डॉवेल यांच्या कंपनीने हेरली.

‘मायकेल’ पाच आठवडे टिकले. गाणारे ‘द हायवेमेन’ हे कनेटिकटमधील वेस्लियन विद्यापीठाचे पाच विद्यार्थी. १९८५ मध्ये याच नावाने गाजलेल्या कंट्री गायकांच्या चौकडीशी त्यांचा संबंध नाही. गाणे दक्षिण कॅरोलिनातील सेंट हेलेना बेटावरच्या गुलामांचे वल्हवताना म्हणायचे भक्तिगीत आहे. यादवी युद्धाच्या काळात ते टिपले गेले आणि १८६७ मध्ये छापून आले.

‘मेक्सिको’प्रमाणेच स्यू थॉम्पसन यांचे ‘सॅड मूव्हीज’ही ऑक्टोबरात एक आठवडा अव्वल होते. २३ ऑक्टोबरच्या अंकापासून वर्षअखेरीपर्यंतचे दहाही आठवडे जिमी डीन यांच्या ‘बिग बॅड जॉन’चे. सहा फूट सहा इंच उंच, २४५ पौंडांचा अबोल खाणकामगार खाण कोसळताना तुळई खांद्यावर पेलून धरतो, सोबत्यांना बाहेर काढतो आणि आत गाडला जातो. डीन हे गाण्याऐवजी सांगतात. साथीला पियानोवादक फ्लॉइड क्रेमर होते, पण त्यांनी पियानो बाजूला ठेवून पोलादाच्या तुकड्यावर हातोडा मारला. खाणीतला घणाचा ठोका तो हाच. शेवटच्या ओळीतला ‘हेल’ हा शब्द रेडिओला खटकेल म्हणून ती ओळ बदलून दुसरी आवृत्ती काढली गेली.

या दहा आठवड्यांवरून मात्र हे गाणे दहा आठवडे सगळ्या गाण्यांत पहिले होते, असा निष्कर्ष घाईने काढला जातो. हॉट १०० वर हे गाणे ६ नोव्हेंबर ते ४ डिसेंबर असे पाचच आठवडे पहिले होते. आधीचे दोन आठवडे डिऑन यांचे ‘रनअराउंड स्यू’ वर होते, नंतर एक आठवडा ‘प्लीज मिस्टर पोस्टमन’ आणि दोन आठवडे ‘द लायन स्लीप्स टुनाइट’. ही तिन्ही इथल्या शिखरावर आली नाहीत, म्हणून पाचाचे दहा झाले.

जुने अंक चाळताना तारखांचा घोळ होतो. १९६१ मध्ये अंकावर सोमवारची तारीख असे. २५ डिसेंबरनंतरचा अंक थेट ६ जानेवारी १९६२ चा, म्हणजे शनिवारचा आहे. मधला अंक हरवलेला नसतो. नावेही बदलत गेली: १९६२ मध्ये ‘मिडल-रोड सिंगल्स’, १९६४ मध्ये ‘पॉप-स्टँडर्ड सिंगल्स’, १९६५ मध्ये पुन्हा ‘इझी लिसनिंग’ आणि एप्रिल १९७९ पासून ‘अडल्ट कंटेम्पररी’. १९६५ मध्येच गाळणीची रीत सोडून प्रक्षेपण आणि विक्री यांची स्वतंत्र मोजणी सुरू झाली. म्हणून १९६१ मधले दहा आठवडे आणि १९६५ नंतरचे दहा आठवडे एकाच तक्त्यात शेजारी मांडून तुलना करू नये.