मा रेनी: तंबूतला ब्लूज तबकडीवर येईपर्यंत

डिसेंबर १९२३ मध्ये शिकागोत मा रेनी ही ब्लूज, म्हणजे अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांची दुःखाची गाणी, म्हणणारी गायिका पहिल्यांदा ध्वनिमुद्रणाला उभी राहिली, तेव्हा त्यांची वीसेक वर्षं रंगमंचावर गेली होती. आज त्यांची ओळख उरली आहे ती शंभरेक गाण्यांवर, आणि ती सगळी पुढच्या पाच वर्षांतली. नाव कमावलं ते त्याआधी, तंबूतल्या फिरत्या खेळांत.

मूळ नाव गर्ट्रूड प्रिजेट. जन्म १८८६ चा, जॉर्जियातल्या कोलंबसचा, असं बाई सांगत. १९०० च्या जनगणनेत मात्र १८८२ आणि अलाबामा सापडतं. (नटमंडळींची वयं अशीच असायची.) १९०२ च्या सुमारास मिसूरीतल्या एका मुक्कामी एक मुलगी तंबूपाशी येऊन सोडून गेलेल्या पुरुषावरचं गाणं म्हणाली. त्या चालीने बाईंना पछाडलं. गाणं शिकून घेऊन त्या ते आपल्या खेळात म्हणू लागल्या. ही आठवण त्यांनीच पुढे संगीत अभ्यासक जॉन वर्क यांना सांगितली. ‘ब्लूज’ हे नावही आपणच ठेवलं, हा त्यांचा दावा सहसा कुणी मानत नाही. पण शेतमजुरांत फिरणारं गाणं तिकीट लावलेल्या खेळात कसं शिरलं, ते या आठवणीतून नेमकं कळतं.

१९०४ मध्ये विल रेनी या विनोदी नटाशी लग्न झालं. ‘रॅबिट फूट मिन्स्ट्रेल्स’सारख्या फिरत्या कंपन्यांबरोबर दोघांनी अमेरिकेची दक्षिण पालथी घातली.

१९२० मध्ये मेमी स्मिथ या कृष्णवर्णीय गायिकेच्या ‘क्रेझी ब्लूज’ची तबकडी धडाक्यात खपली, आणि कृष्णवर्णीय गिऱ्हाईकही पैसे मोजून तबकड्या घेतं हे कंपन्यांच्या ध्यानात आलं. रेनींना करारबद्ध करणारी पॅरामाउंट ही विस्कॉन्सिनमधल्या खुर्च्यांच्या कारखान्याची शाखा. ग्रामोफोनची लाकडी कपाटं बनवता बनवता मालक तबकड्यांत उतरले होते. मुद्रण इतकं सुमार की खरखरीतून आवाज वेचावा लागतो. तरी १९२४ च्या ‘सी सी रायडर’मध्ये लुई आर्मस्ट्राँगचा कॉर्नेट (ट्रम्पेटसारखं वाद्य) आणि बाईंचा जड, संथ आवाज एकमेकांना वाट देत जातात, ते ऐकावंच.

तबकड्यांमुळे झालेल्या जाहिरातीचा उपयोग बाईंनी रंगमंचावर फक्कड केला. मंचावर भलामोठा ग्रामोफोन ठेवलेला असे. एक मुलगी त्यावर तबकडी लावी, आतून गाणं सुरू होई, मग ग्रामोफोनचं दार उघडून गळ्यात सोन्याच्या नाण्यांची माळ, तोंडात सोन्याचे दात अशा थाटात बाई बाहेर येत. साथीच्या वाद्यवृंदाचे प्रमुख थॉमस डॉर्सी पुढे गॉस्पेल या ख्रिस्ती भक्तिसंगीताचे जनक म्हणून गाजले.

१९२८ नंतर पॅरामाउंटने त्यांचं मुद्रण थांबवलं. ही गाणी जुनाट झाली, असं कंपनीचं मत. बोलपट आणि मंदीने थिएटरंही बसली. १९३५ मध्ये बाई कोलंबसला परतल्या आणि नाट्यगृहं चालवू लागल्या. २२ डिसेंबर १९३९ रोजी त्या वारल्या. मृत्यूच्या दाखल्यावर व्यवसाय लिहिला आहे: घरकाम.