‘सागराचा तारा’ हे नाव खलाशांनी दिलेले नाही

मेरीमातेला ‘स्तेला मारिस’, म्हणजे ‘सागराचा तारा’, हे नाव वादळातून वाचलेल्या खलाशांनी दिले, असे सर्रास सांगितले जाते. ते खरे नाही. चौथ्या शतकाच्या अखेरीस बायबलचे लॅटिन भाषांतरकार संत जेरोम यांनी हिब्रू नावांचे अर्थ लॅटिनमध्ये देताना ‘मेरी’ या नावाचा एक अर्थ ‘स्तिला मारिस’, म्हणजे सागराचा थेंब, असा दिला होता. हस्तलिखितांच्या नकला करताना ‘इ’चा ‘ए’ होऊन थेंबाचा तारा झाला, असे बहुतेक अभ्यासक मानतात. खलाशांची श्रद्धा मात्र अस्सल आहे, आणि ती या चुकीमुळे तसूभरही उणी ठरत नाही: फ्रान्समधील मार्से या बंदराच्या शहरातील नोत्र-दाम द ला गार्द या मेरीमातेच्या चर्चमध्ये छतापासून दोरीने लोंबणारी, नवसाची चिमुकली जहाजे आजही दिसतात.