सनदयुद्धे

सनदयुद्धे : यूरोपातील जुन्या राजसनदा, पोपची फर्माने आणि मठांची दानपत्रे अस्सल की बनावट, यावरून सतराव्या शतकात व अठराव्या शतकाच्या पूर्वार्धात झालेले विद्वानांचे वाद. लॅटिनमध्ये त्यांना ‘बेल्ला दिप्लोमातिका’ म्हणतात. येथे ‘दिप्लोमा’ म्हणजे सनद. राजनयाला डिप्लोमसी हे नाव नंतर याच शब्दावरून पडले. दस्तऐवजांच्या परीक्षणाचे शास्त्र या वादांतून जन्माला आले.

बनावट सनदा यूरोपची मिरासदारी नव्हती. संस्कृतात त्यांना ‘कूटशासन’ असा स्वतंत्र शब्द आहे. हर्षवर्धनाच्या सातव्या शतकातील मधुबन ताम्रपटात, वामरथ्य नावाच्या ब्राह्मणाने कूटशासनाच्या आधारे भोगलेले गाव काढून घेऊन दुसऱ्यांना दिल्याची नोंद आहे. फरक असा, की यूरोपात मठांची दप्तरे शतकानुशतके एकाच जागी राहिली, म्हणून ताडून पाहायला साहित्य मिळाले.

वादाची सुरुवात ज्ञानजिज्ञासेतून झाली नाही. जमीन आणि अधिकार हे तिचे मूळ. तीस वर्षांच्या युद्धात (१६१८–४८) व त्यानंतर जर्मनीतील मठ, शहरे आणि सरदार जुने हक्क सांगत एकमेकांविरुद्ध उभे राहिले. लिंडाउ येथील स्त्रीमठाने शहरावरील आपल्या हक्कासाठी लुडविग सम्राटाच्या नावची सनद पुढे केली. हेल्मश्टेटचा प्राध्यापक हर्मान कॉनरिंग याने १६७२ मध्ये भाषा, कालगणना आणि मोहोर तपासून ती बनावट ठरवली. कॉनरिंगचे श्रेय एरवी थोडक्यात आटोपले जाते. पण एका सनदेची परीक्षा त्याच राज्यकर्त्याच्या इतर सनदांशी ताडून करायची, ही रीत त्याच्या ग्रंथात स्पष्ट दिसते.

यानंतरचा वाद अधिक गाजला. संतचरित्रांच्या ‘आक्ता सांक्तोरुम’ या प्रचंड संग्रहाचे काम अँटवर्पचे जेझुइट (एका कॅथलिक धर्मसंघाचे पाद्री) करत होते. त्यांच्यातील दानिएल पापेब्रोख (१६२८–१७१४) याने १६७५ मध्ये, एप्रिल महिन्याच्या दुसऱ्या खंडाच्या आरंभी, जुन्या चर्मपत्रांतील खरे-खोटे कसे ओळखावे यावर एक निबंध जोडला. ट्रियरच्या एरेन मठाला डागोबर्ट राजाने ६४६ मध्ये दिलेली म्हणून दाखवली जाणारी सनद त्याने बनावट ठरवली. एवढ्यावर तो थांबला असता, तर बेनेडिक्टीन (संत बेनेडिक्टच्या नियमाने चालणाऱ्या) मठांना फारसे दुःख नव्हते. परंतु सनद जितकी जुनी तितकी संशयास्पद, अशा स्वरूपाचा नियम त्याने मांडला आणि सँ-दनी व कॉर्बी या फ्रान्समधील मोठ्या मठांच्या मेरोव्हिंजियन (पाचव्या ते आठव्या शतकातील फ्रँक राजघराण्याच्या) सनदांवर शंका घेतली. त्याच्या हाताशी अस्सल नमुने फारच थोडे होते. थोड्या नमुन्यांवरून काढलेला नियम त्याने सगळ्यांना लावला.

उत्तर सहा वर्षांनी आले. पॅरिसच्या सँ-झेर्मँ-दे-प्रे मठातील सँ-मोर या बेनेडिक्टीन संघाचा भिक्षू झां माबियाँ (१६३२–१७०७) याने १६८१ मध्ये ‘दे रे दिप्लोमातिका’ हा सहा भागांचा ग्रंथ प्रसिद्ध करून तो मंत्री कोल्बेर याला अर्पण केला. सनदा जेथून सुटत त्या राजवाड्यांविषयीचा चौथा भाग त्याचा सहकारी मिशेल जेर्मँ याने लिहिला. पाचव्या भागात लिपींचे नमुने ताम्रपत्रावर कोरून छापले आहेत, तर सहाव्यात मूळ दस्तऐवज दिले आहेत. लेखनसाहित्य, लिपी, शब्दकळा, आरंभीचा मायना, तारखेची पद्धत, सह्या, साक्षी आणि मोहोर यांपैकी एकट्यादुकट्या लक्षणावरून निकाल देऊ नये, सर्वांचा एकत्र विचार करावा, हे त्याचे मुख्य सूत्र. पापेब्रोखने १६८३ मध्ये माबियाँला पत्र लिहून हार मान्य केली; आपल्या निबंधात समाधान मानण्यासारखे काही असेल तर ते एवढेच, की त्यामुळे हा ग्रंथ लिहिला गेला, असा त्याचा आशय होता. विद्वानांच्या भांडणात असे पत्र क्वचितच सापडते.

तांत्रिक बाजू थोडी विस्ताराने पाहण्याजोगी आहे, कारण पुढचे बरेच मतभेद तेथेच अडकले. मेरोव्हिंजियन राजांच्या सनदा सुरुवातीला पपायरसवर लिहिल्या जात. सातव्या शतकाच्या उत्तरार्धात, बहुधा आठव्या दशकात, कचेरीने चर्मपत्र स्वीकारले. सर्वांत जुनी उपलब्ध मूळ सनद दुसऱ्या क्लोटारची, ६२५ च्या सुमाराची, पपायरसवरील आहे. म्हणजे सातव्या शतकाच्या आरंभीची म्हणून दाखवलेली ‘मूळ’ राजसनद चर्मपत्रावर असेल, तर तिच्याकडे संशयाने पाहावे लागते. तारीख राज्यारोहणाच्या वर्षांत असे. इसवी सन दिसला की प्रत नंतरची किंवा मजकूर बनावट. मेणाची मोहोर चर्मपत्राला पाडलेल्या चिरेत बसवून दाबलेली असे. दोरीला लोंबणारी मोहोर ही बरीच उशिराची रीत. मात्र उलट बाजूही ध्यानात घ्यावी लागते. कुशल बनावटकार जुनाच पपायरस वापरत असे. अकराव्या शतकात पॅरिसच्या बिशपच्या अधिकारातून मुक्त असल्याचा दावा सिद्ध करण्यासाठी सँ-दनीच्या भिक्षूंनी जुन्या अस्सल पपायरसच्या कोऱ्या पाठीवर नवी सनद लिहिली. परिणामी खोट्याच्या आडोशाने काही अस्सल मजकूर टिकून राहिला.

लिपींच्या बाबतीत माबियाँचे मत टिकले नाही. रोमन, गॉथिक, लाँगोबार्ड, सॅक्सन आणि मेरोव्हिंजियन या लिपी त्याने जवळजवळ स्वतंत्र मानल्या होत्या. व्हेरोनाच्या शिपिओने माफ्फेई (१६७५–१७५५) याने तेथील हस्तलिखिते पाहून त्या सर्व रोमन लिपीचीच रूपांतरे असल्याचे दाखवले, आणि आजही हेच मत मान्य आहे.

पापेब्रोखच्या माघारीने वाद मिटला नाही. जेझुइट बार्तेलेमी जेर्मों याने १७०३ मध्ये माबियाँने अस्सल मानलेल्या फ्रँक राजांच्या सनदांवर नव्याने हल्ला चढवला. माबियाँचा शिष्य तिएरी रुइनार व इतरांनी त्याला उत्तरे दिली. दुसरा जेझुइट झां आर्दुअँ (१६४६–१७२९) याने तर कहर केला. प्राचीन अभिजात ग्रंथांपैकी मोजके सोडून बाकी सगळे मध्ययुगातील भिक्षूंच्या टोळीने रचले, असे त्याचे म्हणणे. याला वाद म्हणण्यापेक्षा संशयाचे व्यसन म्हणणे योग्य. पापेब्रोखला मात्र वेगळ्या कारणासाठी किंमत मोजावी लागली. कार्मेलाइट संघाची स्थापना पैगंबर एलिया याने केली, ही परंपरा त्याने अमान्य केली. १६९५ मध्ये स्पॅनिश धर्मन्यायालयाने ‘आक्ता’च्या खंडांवर बंदी घातली. ती १७१५ मध्ये, त्याच्या मृत्यूनंतर, उठली.

माबियाँ जिंकला आणि पापेब्रोख हरला, असे जुन्या संदर्भग्रंथांत सरसकट लिहिलेले असते. पद्धतीपुरते ते खरे आहे. आकड्यांपुरते मात्र चित्र निराळे दिसते. मेरोव्हिंजियन राजसनदांची तेओ क्योल्त्सरने संपादित केलेली आवृत्ती २००१ मध्ये निघाली. तीत १९६ सनदांपैकी सुमारे दोन-तृतीयांश बनावट ठरल्या आहेत, आणि मूळ प्रती चाळीसहूनही कमी आहेत. माबियाँने अस्सल धरलेल्या काही सनदाही पुढील संशोधनात बाद झाल्या. स्वतःच्या संघाच्या मठांबद्दल तो किती तटस्थ होता, यावर एकमत नाही. त्याने मुद्दाम काही लपवले, असे म्हणण्यास मात्र आधार दिसत नाही. पापेब्रोखचा नियम चूक होता, पण त्याचा अंदाज सत्याच्या फार दूर नव्हता, हे मत अधिक ग्राह्य वाटते.

कॉर्बीच्या बाबतीत या संशयाला नंतर वेगळेच वळण मिळाले. पोपच्या नावाने रचलेल्या, नवव्या शतकाच्या मध्यास पसरलेल्या ‘छद्म-इसिडोर’ फर्मानांचे उगमस्थान राँस, ल मां की आणखी कोठे, हा प्रश्न दीर्घकाळ चर्चेत होता. क्लाउस त्सेखेल-एकेस याने हस्तलिखितांच्या समासातील खुणांवरून कॉर्बी मठाकडे बोट दाखवले. हे मत बऱ्याच जणांनी स्वीकारले असले, तरी फर्मानांचा नेमका काळ आणि त्यांमागील व्यक्ती यांविषयी मतभेद आहेत.