आयोडीन जास्त झालं तरी गलगंड होतो!

शाळेत आपण सगळ्यांनी घोकलंय, आयोडीन कमी पडलं की गलगंड, म्हणून आयोडीनवालं मीठ खा. पण अल्जेरियात तिंदूफजवळ, भर सहारात, निर्वासितांच्या छावण्या आहेत, तिथल्या शाळकरी पोरांमध्ये गलगंड सापडला तो बरोब्बर उलट कारणाने.

ही पोरं सहरावी. १९७५ मध्ये स्पेनने पश्चिम सहारा सोडायचं ठरवलं, मोरोक्को घुसला, लोक पळून इकडे आले ते आजतागायत इथेच, म्हणजे आताच्या कित्येक पोरांचे आईबापही छावणीतच जन्मलेले. छावण्यांची नावंसुद्धा मागे राहिलेल्या गावांची, स्मारा, दाखला वगैरे. उन्हाळ्यात पारा पन्नाशी गाठतो, पाणी जमिनीखालचं, टँकरने येऊन घराबाहेरच्या टाकीत पडतं.

गोम त्या पाण्यातच आहे, त्यात आयोडीन भरपूर. तेच शेळ्या पितात, मग दुधातही येतं. आणि अगदी तान्ह्या बाळालाही आईच्या दुधातून मिळतं.

गळ्यातल्या थायरॉइड ग्रंथीला हार्मोन बनवायला आयोडीन लागतं, पण माल एकदम जास्त आला की ती चक्क शटर ओढून घेते, हार्मोन बनवणंच थांबवते. हे १९४८ मध्ये वोल्फ आणि चायकॉफ यांनी उंदरांवर दाखवलं. बहुतेकांची ग्रंथी दोन-चार दिवसांत सावरते, पण मारा रोजचाच असेल तर काहींची सावरतच नाही. मग हार्मोन कमी पडतं, मेंदूतली पिट्युटरी ग्रंथी टीएसएच नावाचं हुकूम देणारं हार्मोन सोडून थायरॉइडला "अजून बनव, अजून बनव" म्हणत राहते आणि गळा फुगतो. आयोडीन कमी असलं तरी शेवट हाच, त्यामुळे नुसता गळा बघून कारण कळणार नाही, लघवीतलं आयोडीन मोजावं लागतं. पुस्तकातला उपाय इथे केला तर आगीत तेल!

काही ठिकाणी आरओ प्लांट बसलेत, ते क्षारांबरोबर आयोडीनही गाळतात.

गव्हाचंही असंच काहीसं. १९९९ च्या एका पाहणीत सहरावी मुलांपैकी ५.६ टक्क्यांना सिलिअ‍ॅक निघाला, म्हणजे गव्हातलं ग्लूटेन आतड्याला सोसत नाही, युरोपात हे प्रमाण साधारण १ टक्का. पूर्वी हे लोक उंटाच्या दुधावर जगणारे भटके, गहू ताटात आला तो अलीकडे. पोराला जुलाब होतात, अंगात रक्त कमी, उंची वाढत नाही, लोकांना वाटतं खायला कमी पडतंय. यावर औषध नाही, गहू, बार्ली असं ग्लूटेनवालं सगळं बंद करायचं बस्स, आणि रेशनमध्ये येतं ते मुख्यतः गव्हाचंच पीठ.