गॅस भरण्याआधी सेन्सरला विचारा

एप्रिल लागला की गाडीच्या एसीवाल्यांकडे रांगा लागतात आणि रांगेतल्या निम्म्याअधिक गाड्यांचं निदान बॉनेट उघडायच्या आधीच ठरलेलं असतं: 'गॅस कमी झालाय, साहेब.' आपणही मान डोलावतो. पेट्रोल संपतं, तसा गॅसही संपत असेल, असं आपण गृहीत धरतो. पण एसीतला गॅस, म्हणजे आर-१३४ए किंवा नव्या गाड्यांतला आर-१२३४वायएफ, जळत नाही आणि वापरलाही जात नाही. बंद नळ्यांमधून तोच तो फिरत राहतो, कधी द्रव तर कधी वायू. कमी झाला असेल, तर कुठून तरी गळतोय. गळती न शोधता गॅस भरून घेणं म्हणजे पुढच्या उन्हाळ्याची अपॉइंटमेंट आजच घेऊन ठेवणं.

मला बोलायचंय ते मात्र गॅसबद्दल नाही, गॅसवर नाहक आळ येतो त्या एका तक्रारीबद्दल. ती फक्त 'ऑटो' बटण असलेल्या, म्हणजे क्लायमेट कंट्रोलच्या गाड्यांत भेटते. पडद्यावर २४ अंश लावलेत, बाहेर मे महिन्याची दुपार आहे, आत घामाच्या धारा लागल्यात आणि ब्लोअर मात्र निवांत फुंकर घालत बसलाय. वैतागून तुम्ही तापमान खाली खाली नेता. शेवटी 'लो' येतं आणि दोन मिनिटांत झोतातून बर्फासारखी हवा सुटते. पुन्हा २४ वर आणलं की पुन्हा तीच मरगळ.

एवढ्या एका पुराव्यावर गॅसची निर्दोष सुटका व्हायला हवी. कॉम्प्रेसर तोच, गॅस तोच, डॅशबोर्डमागची कूलिंग कॉइलही तीच. 'लो' वर गेल्यावर बदललं ते इतकंच, की बहुतेक गाड्यांचा एसी कंप्युटर तिथे आतल्या तापमानाची विचारपूस करत नाही. गरम-थंड हवा मिसळणारा फ्लॅप सरळ थंडाच्या टोकाला नेतो आणि ब्लोअर पूर्ण सोडतो. यंत्र धडधाकट आहे. चूक शिरतेय ती २४ लावल्यावर केल्या जाणाऱ्या हिशेबात.

हा हिशेब काही गूढ नाही. कंप्युटरला एकच आकडा काढायचा असतो: झोतातून किती अंशांची हवा सोडू? त्यासाठी तो तुम्ही मागितलेलं तापमान, गाडीच्या आतलं, बाहेरचं आणि काचेतून येणाऱ्या उन्हाचा जोर एवढं विचारात घेतो. प्रत्येकाला ठरावीक आकड्याने गुणतो, बेरीज-वजाबाकी करतो आणि आलेल्या उत्तरावरून फ्लॅप नि ब्लोअर हलवतो. यात आतल्या तापमानाचं वजन बाहेरच्यापेक्षा बरंच जास्त ठेवलेलं असतं, कारण प्रवासी आत बसलेत. म्हणजे आतला सेन्सर पंधरा अंशांनी चुकला, तर सगळं गणित त्याच्यामागे फरफटत जातं.

जाता जाता एक. उन्हात तापलेल्या गाडीत बसताच १६ लावणारी मंडळी घरोघरी आहेत. 'सोळावर लवकर गार होतं.' ऑटोमध्ये असं काही होत नाही. आत ५० अंश असताना २४ मागा की १६, हिशेबाचं उत्तर एकच येतं: असेल नसेल तेवढा थंडावा सोड. फरक पडतो तो नंतर. १६ वाला पंधरा मिनिटांनी कुडकुडतो आणि मग २८ लावतो.

तर हा आतला सेन्सर असतो कुठे? स्टिअरिंगच्या आसपास किंवा मधल्या पॅनेलवर बोटाच्या पेराएवढी एक जाळी दिसते. काहींना तो माइक वाटतो, काहींना बुजवलेलं बटण. जाळीमागे ज्वारीच्या दाण्याएवढा एक मणी बसलेला असतो. त्याला थर्मिस्टर म्हणतात, आणि हा लेख खरं तर त्याच्या प्रेमापोटी लिहिलाय.

धातूची तार तापली की तिचा रोध वाढतो, हे शाळेत शिकलेलं आठवत असेल. थर्मिस्टर नेमका उलटा वागतो. तापला की त्याचा रोध कोसळतो. असला उलटा पदार्थ पहिल्यांदा मायकेल फॅरडेच्या नजरेला आला १८३३ साली, सिल्व्हर सल्फाइडमध्ये. आजचे मणी मँगॅनीज, निकेल, कोबाल्ट अशा धातूंच्या ऑक्साइडांची भुकटी दाबून, भट्टीत भाजून बनवतात. तारेत इलेक्ट्रॉन मोकळे फिरत असतात आणि तापमान वाढलं की थरथरणारे अणू त्यांना जास्त अडवतात. मण्यात मुळात मोकळे इलेक्ट्रॉनच नसतात. तिथे शेजारी शेजारी मँगॅनीजचे अणू असतात, काहींनी तीन इलेक्ट्रॉन गमावलेले, काहींनी चार. तीनवाल्याचा एक इलेक्ट्रॉन उडी मारून चारवाल्याकडे गेला, की दोघांच्या भूमिका बदलतात आणि वीज एक पाऊल पुढे सरकते. पण इलेक्ट्रॉन जिथे बसलाय तिथे त्याने आजूबाजूचे अणू किंचित ओढून-ढकलून आपल्यापुरता खळगा करून घेतलेला असतो. त्यातून बाहेर पडायला ऊर्जा लागते, आणि ती उष्णतेतून मिळते. तापमान थोडं वाढलं तरी उडी मारू शकणाऱ्यांची संख्या भराभर वाढते. म्हणून रोध सरळ रेषेत उतरत नाही, घातांकी वक्रावरून घसरतो.

आकड्यांत बघू. २५ अंशांना १०,००० ओहमचा एक नेहमीचा मणी घ्या. शून्य अंशाला त्याचा रोध ३३,००० च्या वर असतो. ४० अंशांना उतरतो ५,३०० वर, आणि ६० ला जेमतेम २,५०० उरतात. मल्टीमीटर, म्हणजे रोध मोजायचं छोटं यंत्र, लावून मणी चिमटीत धरलात, तर पडद्यावरचा आकडा डोळ्यांदेखत उतरताना दिसतो. ३० अंशांच्या खोलीत ८,००० च्या आसपास असलेला आकडा बोटांच्या उबेने काही सेकंदांत ७,००० च्या खाली येतो आणि सोडला की सावकाश वर चढतो. मण्याची तब्येत तपासायची ही सर्वांत स्वस्त रीत. आकडा मध्येच उडाला, अडकला किंवा हललाच नाही, तर मणी गेला.

आता कंप्युटरला ओहम कळत नाहीत, त्याला कळतो व्होल्टेज. म्हणून तो आपल्या पोटातल्या एका ठरावीक रोधातून, समजा १०,००० ओहमच्या, ५ व्होल्ट सोडतो आणि पुढे मणी जोडलेला असतो. दोन्ही रोध ते ५ व्होल्ट आपापसांत वाटून घेतात. २५ अंशांना समसमान वाटणी, मण्यावर २.५ व्होल्ट. ४० अंशांना मण्याच्या वाट्याला १.७ च्या आसपास. शून्याला ३.८ च्या वर. वायर तुटली तर वाटणीच होत नाही, पूर्ण ५ व्होल्ट दिसतात, आणि कंप्युटरच्या लेखी गाडीत ध्रुवप्रदेशापेक्षाही कडक थंडी पडलेली असते. दोन वायरी एकमेकींना टेकल्या तर शून्य व्होल्ट, म्हणजे भट्टी. ही दोन्ही उत्तरं इतकी अचाट असतात की कंप्युटरलाही शंका येते. तो फॉल्ट कोड नोंदवतो आणि सेन्सर बाजूला ठेवून एखादा ठरीव आकडा धरून काम रेटतो. असा बिघाड सापडायला सोपा.

खरा छळ होतो मधल्या खोट्याचा. पावसाळ्यात ओल शिरून सेन्सरच्या कपलरच्या, म्हणजे वायर जोडायच्या प्लगच्या, पिनांवर गंज चढतो. मेकॅनिकच्या भाषेत, 'कार्बन आला'. या थराचाही रोध असतो, समजा ५,००० ओहम, आणि तो मण्याच्या रोधात मिसळून जातो. गाडीत खरोखर ४० अंश आहेत. मणी प्रामाणिकपणे ५,३०० म्हणतोय, पण कंप्युटरपर्यंत पोहोचतात १०,३००. रोधावरून तापमान ओळखायच्या त्याच्या तक्त्यात १०,३०० म्हणजे २४ अंश. तुम्ही २४ मागितले, २४ आहेत, मग घाई कसली? ब्लोअर मंदावतो. कोड नाही, लाल दिवा नाही. कारण २४ हे अगदी सभ्य उत्तर आहे.

तीच गाडी डिसेंबरात पहाटे महाबळेश्वरला न्या. आत ५ अंश. मण्याचा रोध जवळजवळ २६,०००, त्यात तेच ५,००० मिळवले की ३१,०००. तक्त्यात पाहिलं तर दीडेक अंश. चूक फक्त साडेतीन अंशांची. हीटर थोडा जास्त चालेल, कुणाच्या लक्षातही येणार नाही. कार्बन तोच, वायर तीच, पण मण्याचा रोध उन्हाळ्यात लहान होत असल्याने वरचा कचरा त्याला जड पडतो. 'थंडीत ठीक होता, उन्हाळ्यात बिघडला' या तक्रारीचं हे एक अगदी साधं उत्तर आहे, आणि त्यावर उपाय म्हणून दरवर्षी गॅस भरला जातो!

मणी आणि वायर ठीक असूनही सेन्सर खोटं बोलू शकतो. जाळीमागे बसलेल्या मण्याला गाडीतली हवा आपण होऊन भेटत नाही, ती ओढून आणावी लागते. नाही तर तो तापलेल्या डॅशबोर्डच्या प्लास्टिकचंच तापमान सांगत राहील. काही गाड्यांत यासाठी इवलासा पंखा असतो. तो म्हातारा झाला की डॅशबोर्डमध्ये रातकिडा शिरल्यासारखा किरकिरतो. बाकीच्यांत पंखाही नसतो, असते फक्त एक नळी. ब्लोअरची हवा एका अरुंद गळ्यातून जोरात जाते, तिथे दाब घटतो, आणि त्या घटलेल्या दाबाने जाळीतली हवा मण्यावरून नळीत खेचली जाते. जिओव्हानी बॅतिस्ता व्हेंचुरीने १७९७ साली नळ्यांतल्या पाण्याबद्दल जे मांडलं, त्याचंच हे रूप.

तपासायला टिश्यू पेपरचा नखाएवढा तुकडा पुरतो. गाडी चालू करा, ब्लोअर मोठा करा, तुकडा जाळीपाशी न्या आणि सोडा. चिकटून राहिला तर हवा ओढली जातेय. घरंगळून पडला तर जाळी धुळीने भरलीय, पंखा बसलाय किंवा मागची नळी निसटलीय. निसटलेल्या नळीचा गुन्हेगार बहुधा ओळखीचा असतो: नुकताच बसवलेला नवा म्युझिक सिस्टीम. पॅनेल काढताना नळी सुटते आणि परत लावायची कुणाला आठवत नाही.

आणि वायर-कपलरमधला खोटेपणा पकडायचा असेल, तर ज्या वेळी खरं उत्तर आपल्याला आधीच माहीत आहे, अशा वेळी प्रश्न विचारावा. ती वेळ म्हणजे पहाट. गाडी रात्रभर सावलीत उभी असेल, तर आतली हवा, बाहेरची हवा, कूलिंग कॉइल, इंजिनचं कूलंट, सगळं जवळपास एकाच तापमानाला आलेलं असतं. गाडीच्या कंप्युटरमधले आकडे वाचणारा स्कॅनर लावा, इंजिन सुरू न करता फक्त इग्निशन चालू करा आणि सगळ्या सेन्सरांचे आकडे शेजारी शेजारी वाचा. तिघं २७-२८ म्हणताहेत आणि आतला एकटा १७ म्हणतोय? चोर सापडला. मग स्कॅनरकडे बघत कपलर हलवायचा. आकडा नाचला तर सेन्सर बदलू नका, पिना साफ करा.

टोयोटाच्या बऱ्याच जुन्या गाड्यांत तर स्कॅनरही लागत नाही. 'ऑटो' आणि आतली हवा फिरवायचं बटण एकत्र दाबून धरत इग्निशन चालू केलं की एसी स्वतःच स्वतःची तपासणी करतो आणि पडद्यावर कोड दाखवतो. ११ म्हणजे आतला सेन्सर, १२ बाहेरचा, १३ कॉइलचा, २१ उन्हाचा. गंमत म्हणजे ही तपासणी अंधाऱ्या गॅरेजमध्ये केली तर काहीही बिघडलेलं नसताना २१ येऊ शकतो. ऊनच नाही म्हटल्यावर उन्हाचा सेन्सर काय सांगणार? तेवढ्यावरून नवा सेन्सर विकणारा भेटला, तर गाडी उन्हात काढून पुन्हा तपासायला सांगा.

उन्हाचा सेन्सर डॅशबोर्डवर काचेजवळ असतो, काळ्या टिकलीसारखा. आपल्याकडे नेमकी तीच जागा देवाची. तिथे गणपती, त्यापुढे प्लास्टिकचा हार, खाली मखमली आसन, आणि एसीला वाटतं बाहेर ढग आलेत. मूर्ती चार बोटं सरकवली तर बाप्पा रागावणार नाहीत. बंपरला टांगलेल्या लिंबू-मिरचीने बाहेरच्या तापमानाचा सेन्सर बिघडत नाही, तसा तो वाचतही नाही. तो असतो तिथेच, पुढच्या जाळीमागे, चिखल खात.

सेन्सर बदलायचाच झाला, तर फक्त कपलर बसतो म्हणून दुसऱ्या गाडीचा घेऊ नका. बाहेरून जुळे दिसणारे मणी आतून वेगळे असतात. टोयोटाच्या कित्येक मॉडेलांत आतल्या सेन्सरचा रोध २५ अंशांना १०,००० नव्हे, १,७०० ओहमच्या आसपास असतो. तिथे १०,००० चा मणी लावला, तर गाडी कायम गोठलेलीच दिसेल. आणि इतक्या लहान मण्याला कार्बनही थोडा पुरतो. पाचशे ओहमचा थर ४० अंशांचे ३० करून दाखवतो. म्हणून नवा सेन्सर घेताना मल्टीमीटर सोबत न्या आणि दोन ठिकाणी मोजा: एकदा दुकानातल्या हवेत, एकदा प्लास्टिकच्या पिशवीत गुंडाळून बर्फाच्या पाण्यात. दोन्ही आकडे तुमच्या गाडीच्या तक्त्याशी जुळले, तरच पैसे द्या.